किती जण, ते आधी सांग

तिरोडकर मास्तर वर्गात शिरले की खडू पहिल्यांदा कानावर ठेवत, सुतार पेन्सिल ठेवतो तसा. मग छत्री खिडकीच्या गजाला अडकायची, तपकिरीची डबी टेबलावर यायची आणि डोक्यावरची काळी टोपी एकदा काढून पुन्हा होती तशीच बसायची. अंकगणिताचं पुस्तक त्यांच्या काखेत असे, पण ते उघडलेलं आम्ही फारसं पाहिलं नाही. पुस्तकातली माणसं त्यांना आवडत नसत. ‘एका व्यापाऱ्याने’, ‘एका शेतकऱ्याने’ असं उदाहरण सुरू झालं की ते विचारत, “ह्या व्यापाऱ्याक कोणी बघलाहा?” आणि त्याच्या जागी मालवणच्या बाजारातला एखादा दुकानदार, आमच्यातल्या कोणाचा तरी मामा किंवा हायस्कुलाचा शिपाई येऊन बसायचा.

गाव आमचा खाडीच्या तोंडाशी. हायस्कूल अलीकडे, माडांच्या बनात, आणि पलीकडे मासेमारी करणाऱ्यांची वाडी. मी तिथे शिकले ती पन्नास सालानंतरची वर्षं. तालुक्यात तेव्हा हायस्कुलं मोजकीच होती आणि आमच्यासारख्या मुली तर त्याहून मोजक्या.

सरासरी शिकवायला त्यांनी सुरुवात केली तो दिवस मला आठवतो. फळ्यावर त्यांनी एवढंच लिहिलं : एका तुकडीत दहा मुलं, त्यांचे सरासरी गुण सत्तर. दुसरीत तीस मुलं, सरासरी पन्नास. दोन्ही तुकड्या एकत्र बसवल्या तर सरासरी किती?

आम्ही सगळे एका सुरात ओरडलो, “साठ!”

मास्तरांनी शांतपणे तपकीर ओढली. पहिल्या बाकावरच्या मुलाला उभं केलं. “साठ कसे आणलेस?”

“सत्तर आणि पन्नास एकशेवीस. भागिले दोन.”

“दोनाने का भागलंस?”

“दोन तुकड्या आहेत, मास्तर.”

“परीक्षेला तुकडी बसली होती, की पोरं?”

मग त्यांनी दहा जणांचे सातशे गुण एका बाजूला मांडले, तीस जणांचे पंधराशे दुसऱ्या बाजूला, बेरीज बावीसशे, आणि चाळिसांनी भागून पंचावन्न आणले. “बघा. साठ नव्हे. तीस पोरांनी दहा जणांना आपल्याकडे ओढलं. जिकडे माणसं जास्त, तिकडे सरासरी सरकते. तेव्हा कोणी सरासरी सांगितली की लगेच मान डोलवायची नाही. किती जण, ते आधी सांग, असं विचारायचं.”

तरी काही जणांच्या चेहऱ्यावर ढग होताच. श्रावणाचे दिवस होते. हायस्कुलाच्या मागेच भाताचे कुणगे होते, मेरांनी, म्हणजे मातीच्या बांधांनी अडवलेले भाताचे लहानमोठे तुकडे, पाण्याने भरलेले. मास्तरांनी अख्खा वर्ग छत्र्यांसकट मागे नेला. एक चिमुकला कुणगा आणि त्याला लागून एक ऐसपैस. दोन्हींची जमीन एका पातळीत आहे हे त्यांनी आधी कधीतरी पाहून ठेवलं असणार. लहानग्यात पाणी काठोकाठ होतं, मोठ्यात जेमतेम घोट्याएवढं. मास्तरांनी काठी रोवली, धोतर गुडघ्यावर खोचलं आणि विचारलं, “मेर फोडली तर पाणी खंय येऊन थांबतला?”

“मध्ये!”

त्यांनी पायाच्या टाचेनेच मेरेला खिंड पाडली. पाणी धावलं. लहान कुणग्यातलं पाणी उतरत उतरत पार खाली गेलं, मोठ्यातलं मात्र बोटभरच चढलं. आम्ही वाकून पाहत होतो, तेवढ्यात शेताचा मालक बाबलो इरलं सावरत धावत आला.

“मास्तरानू, ह्या काय चल्लाहा?”

“सरासरी,” मास्तर म्हणाले.

“ती तुमच्या शाळेत काढा! माझो भाताचो तरवो व्हावान गेलो तर काय शेंडी खाव?”

मास्तरांनी त्याची माफी मागितली आणि आपल्या हातांनी चिखल लिंपून मेर बुजवली. आम्हाला हातही लावू दिला नाही. पुढच्या तासाला त्यांच्या कोपरापर्यंत चिखल वाळलेला होता. मला वाटतं, त्या दिवसानंतर आमच्या वर्गात कोणी आयुष्यात दोन सरासऱ्यांची बेरीज करून दोनाने भागलं नसेल.

‘किती जण?’ हा प्रश्न मास्तर वर्गातच ठेवून घरी जात असते तर बरं झालं असतं. न्हावी म्हणाला, औंदा कोणाचोच आंबो मोहरूक नाय, की मास्तर खुर्चीतून विचारणार, “कोणाचोच म्हंजे किती जणांचो?” देवळात कोणी म्हणालं की मुंबईला गेलेले पोरगे आईबापांना विसरतात, की हे तिथेच थांबवून घरांची नावं मोजायला लावणार. लोक कंटाळत. काही जण त्यांना बघून रस्ता बदलत. मास्तरीणबाई गोऱ्या, बुटक्या, हसऱ्या होत्या. त्या आमच्या आईला सांगायच्या, “काल सुंगटांची आमटी केललंय. म्हटला, सगळ्यांका आवडली मां? तर म्हणतत, किती जणांका? घरात माणसां दोन, वयनी! आणि विचारतत किती जणांका!”

हायस्कुलात तेव्हा प्रत्येक इयत्तेच्या दोन तुकड्या होत्या. अ तुकडीत आम्ही, गावातली. ब तुकडीत खाडीपलीकडची. अशी विभागणी हुशार-ढ बघून कोणी केली नव्हती. पलीकडची मुलं तरीतून, म्हणजे खाडी ओलांडणाऱ्या होडीतून येत आणि ही तर भरती-ओहोटीच्या मर्जीवर चाले, म्हणून त्यांना उशीर होई. उशिरा येणाऱ्यांची एक तुकडी करून तिचा पहिला तास कवायतीचा ठेवला, म्हणजे बुडाला तरी चालेल. काही वर्षांत लोक त्याचं कारण विसरले आणि ‘ब तुकडी म्हणजे ढ’ एवढंच उरलं.

मथुरा त्या ब तुकडीतली. ती तर चालवायचा धाकू तांडेल, त्याची ही थोरली मुलगी. मॅट्रिकच्या वर्गापर्यंत पोचलेली त्या वाडीतली पहिली मुलगी तीच. सावळी, उंच, आणि बोलताना समोरच्याच्या डोळ्यांत बघणारी. पहाटे मासळी खारवायला आईला मदत करून ती शाळेत येई. तिच्या हातांना मिठाच्या भेगा असत. तिची माझी खरी मैत्री पुढे झाली आणि यातलं बरंचसं मला तिच्याकडूनच कळलं. उरलेलं माझ्या वडिलांकडून. ते शाळेच्या कमिटीत होते.

आमच्या मॅट्रिकच्या वर्षी प्रिलिम झाली आणि ब तुकडीतली निम्म्याहून जास्त मुलं नापास झाली. त्याआधीच्या वर्षी आमच्या शाळेचा निकाल अठ्ठावन्न टक्के लागला होता. शेजारच्या गावच्या शाळेने आम्हाला मागे टाकलं होतं आणि ते सगळ्यांनाच झोंबलं होतं. हेडमास्तरांनी ठरवलं, या नापासांचे बोर्डाचे फॉर्म पाठवायचेच नाहीत. कमिटी बसली. तिरोडकर मास्तरांना मुद्दाम बोलावलं.

“तिरोडकर, तुम्ही गणिताचे,” हेडमास्तर म्हणाले. “तुम्हीच या मंडळींना सांगा. चांगल्या गटात कच्चा गट मिळवला तर सरासरीचं काय होतं?”

“उतरते.”

“नक्की?”

“नक्की. त्यात शंकाच नाही.”

“मग झालं तर!”

“झालं नाही,” मास्तर म्हणाले. “सरासरी उतरते, पण पास झालेली पोरं कमी होत नाहीत. अ मधली जी व्हायची ती होणारच. ब मधलं एक जरी झालं तरी ते एक जास्तच. पोरं गाळून सरासरी कोणीही वाढवील, साहेब. एकच पोरगा बसवा, पहिल्या नंबरचा. शंभर टक्के निकाल लागेल.”

वडील सांगायचे, त्यांना हसू आलं आणि ते लपवायला त्यांना खोकावं लागलं. अध्यक्ष मात्र हसले नाहीत. त्यांच्या हापूसच्या बागा होत्या आणि बोलणं नेहमी हळू, गोड. ते म्हणाले, “मास्तर, हेडमास्तर जूनमध्ये निवृत्त होतायत. त्यांच्या मागे तुमचंच नाव आहे, हे तुम्हालाही ठाऊक आहे. सगळ्यांना बसवा हवं तर. पण निकाल गेल्या वर्षीच्या खाली गेला, तर आम्हाला दुसरा विचार करावा लागेल.”

मास्तरांनी डबी उघडली, मिटली. “करा विचार,” म्हणाले. “फॉर्म सगळ्यांचे जाऊ देत.”

परतताना वडिलांनी त्यांना विचारलं, “असा कित्याक बोललात? चार दिवस दम धरूचो होतो.”

“फॉर्म काय चार दिवस थांबतले?” मास्तर म्हणाले.

त्या दिवसापासून शाळा सुटली की मास्तर ब तुकडीबरोबर तरीत बसून पलीकडे जाऊ लागले. धाकूच्या मांगरात, म्हणजे सामानाच्या खोपीत, जाळी ठेवलेली असत. ती एका बाजूला सारून मुलं बसायची. सुक्या मासळीचा वास असा दाट, की मास्तरांची तपकीर तिथे निरुपयोगी व्हायची. दारात बसून जाळी विणणारे बाप्ये ऐकत राहायचे. दिवेलागणीच्या आत धाकू मास्तरांना अलीकडे सोडायचा.

सुरुवातीला धाकूला हे पसंत नव्हतं. एकदा वल्हं मारता मारता म्हणाला, “मास्तरानू, चेडवाक मॅट्रिक करून माका काय करूचा आसा? लगीन ठरता हा तिचा.”

“ठरव मगे. मी कशाक आड येव? मार्च जावंदे.”

“आणि नापास झाली तर?”

“तर तू म्हण, मास्तर मूर्ख आसा.”

मथुराला इतर विषय येत. गणितात मात्र तिचं अडे, आणि अडे ते नेमकं सरासरीच्या, भागीदारीच्या उदाहरणांपाशी. घाई झाली की ती दोनाने भागून मोकळी व्हायची. मास्तर रागावत नसत. तरीत बसल्या बसल्या तिला विचारत, “ह्या बाजूक पाच बायो, त्या बाजूक दोन पोरां. तर खंय कलता?” ती हसत सांगायची, बायांच्या बाजूला. “मगे पेपरात कित्याक इसारतंस गो?” ती म्हणायची, “पेपरात होडी नसता, मास्तर.” यावर मास्तर एवढे हसले, की धाकूने वल्हं थांबवलं.

मार्चमध्ये सगळे बसले. जूनमध्ये निकाल आला.

अ तुकडीतल्या वीस जणांपैकी सोळा पास. ब तुकडीत तीस जण होते, त्यांतले बारा. त्या बारांत पाच जण असे, ज्यांचे फॉर्म अडवायचे होते. त्या पाचांतला एकजण पुढे बोटीवर इंजिनाच्या कामाला लागला, एक पोस्टात. मथुराचा नंबर यादीत नव्हता.

शाळेच्या कारकुनाने मोठ्या उत्साहाने व्हरांड्यातल्या फळ्यावर लिहिलं : अ तुकडी ऐंशी टक्के. ब तुकडी चाळीस टक्के. शाळेचा निकाल साठ टक्के. खाली हेडमास्तरांची सही.

साठ! गेल्या वर्षीपेक्षा दोन टक्क्यांनी वर. व्हरांड्यात गर्दी झाली. वडीलही मला घेऊन आले होते, माझाही नंबर लागला होता ना. त्यांनी मास्तरांना येताना पाहिलं आणि पुढे होऊन त्यांचा हात धरला. “अभिनंदन हेडमास्तर!”

मास्तरांनी मान वर करून फळा वाचला. एकदाच वाचला. मग कानावरचा खडू काढला, धोतराच्या सोग्याने ‘साठ’ पुसलं आणि त्या जागी ‘छप्पन्न’ लिहिलं.

हेडमास्तर आतून आले. “तिरोडकर, अहो, काय करताय?”

“ऐंशी नि चाळीस, भागिले दोन केलंय यांनी. पन्नास पोरांत अठ्ठावीस पास. छप्पन्न होतात.”

हेडमास्तर वाईट माणूस नव्हते. ते जवळ आले, आवाज उतरवून म्हणाले, “मला कळलं. पण राहू दे ना. बोर्डाला कुठे हा फळा जातोय? तुमच्याच हिताचं आहे.”

वडीलही हळूच म्हणाले, “मास्तरानू, कोण बघता?”

मास्तरांनी व्हरांड्याच्या पायऱ्यांकडे हात केला. तिथे आम्ही उभे होतो, अ तुकडीतले, ब तुकडीतले, खालच्या वर्गांतली पोरंसुद्धा. “ही बघतत,” ते म्हणाले. “तेंका मीच शिकवलंय.”

त्यांचा आवाज चढला नव्हता. पण खडू परत कानावर ठेवताना त्यांचा हात चुकला आणि खडू खाली पडून तुटला. तो उचलायला ते वाकले ते बराच वेळ वाकलेलेच राहिले. मी तेव्हा सोळा-सतरा वर्षांची. मला वाटलं, तुकडे शोधतायत.

आठवड्याने गुणपत्रिका आल्या. मथुराचा एकच विषय गेला होता, अंकगणित.

बाहेर पाऊस कोसळत होता, खाडी गढूळ होऊन फुगली होती. मास्तर तरीने पलीकडे गेले. मथुरा आतल्या खोलीतून बाहेर येईना. मास्तर ओट्यावर बसले, पायांतून पाणी निथळत होतं. ते दाराकडे बघून म्हणाले, “मथुरा, तुझो एकच विषय गेलो आसा. तो माझो. नापास मी झालंय, तू न्हय.”

आतून रडण्याचा आवाज आला. धाकू चुलीपाशी उभा होता. मास्तर त्याला म्हणाले, “धाकू, मार्च म्हटलंलंय. माझा चुकला. ऑक्टोबरापर्यंत थांबशीत?”

धाकूने बायकोला चहा ठेवायला सांगितलं. चहा झाला, मास्तरांच्या हातात कप आला, तेव्हा तो बोलला. “मास्तरानू, तुमची हेडमास्तरकी गेली, ता आमका कळला. फळ्यार काय लिवलास, ताय कळला. माझ्या चेडवाचा लगीन काय पळान जाता? थांबतला ता.”

मथुरा सांगते, मास्तरांनी तो चहा प्यायला. मग टोपी काढून पुन्हा घातली आणि विचारलं, “पाटी आसा मां गो? हाड भायर.” त्याच दिवशी, त्या पावसात, शिकवणी पुन्हा सुरू झाली.

हेडमास्तर म्हणून बाहेरगावचे एक तरुण गृहस्थ आले. मास्तरांपेक्षा दहा-बारा वर्षांनी लहान. ते खोलीत आले की मास्तर उठून उभे राहायचे. नव्या माणसालाच अवघडल्यासारखं व्हायचं. तो म्हणायचा, बसा, बसा. मास्तर म्हणायचे, खुर्चीक उभो रवतंय, तुमका न्हय. मास्तरीणबाईंना कोणी बाई मुद्दाम डिवचायला गेली, तर त्या म्हणाल्या, “बरा झाला बाये. हेडमास्तरीण झालंय असतंय तर शेजारणीकडे पिठी मागूक जावची चोरी.” पण आमच्या आईजवळ त्या एकदा रडल्या होत्या. वर्षभर त्यांनी त्या पदाची वाट पाहिली होती. आपल्यापेक्षा नवऱ्यासाठीच जास्त. “ह्येंका कोणी साहेब म्हणलेला ऐकूचा होता, वयनी,” एवढंच म्हणाल्या.

मथुरा ऑक्टोबरात पास झाली. गुण काठावरचेच. मुंबईला नर्सिंग शिकून ती देवगडच्या दवाखान्यात लागली. लग्नही झालं, तिच्या पसंतीने. आणि आमच्या शाळेत नव्या हेडमास्तरांनी दोन वर्षांत एक गोष्ट केली. मास्तरांच्या सांगण्यावरून तरीची मुलं आणि गावातली मुलं सरमिसळ करून दोन्ही तुकड्या पुन्हा पाडल्या आणि शाळा अर्धा तास उशिरा भरवायला सुरुवात केली. यासाठी कोणी सभा घेतली नाही की सत्कार केला नाही.

लग्न होऊन मी रत्नागिरीला गेले. येणं कमी झालं. मास्तर निवृत्त झाल्याचं, मास्तरीणबाई गेल्याचं पत्रांतून कळलं.

साठ सालानंतर बऱ्याच वर्षांनी, मसुऱ्याला भराडीच्या जत्रेत ते मला शेवटचे दिसले. दुपारची वेळ. देवीची ओटी भरून मी बाहेर आले, तर खाज्याच्या दुकानापाशी ते उभे. धोतर तेच, कोट मात्र अंगाला सैल झालेला. तोंडात एकही दात नव्हता आणि खाज्याचा तुकडा ते मन लावून चघळत होते. मी वाकून नमस्कार केला.

“कोणाचा चेडू गो तू?”

मी वडिलांचं नाव सांगितलं. त्यांनी डोळे बारीक केले. मला वाटतं, ओळख पटली नाही. पण त्यांनी कागदातलं खाजं माझ्यापुढे धरलं. “घे. आल्याचा आसा. गोड लागता.” मी घेतलं. पोरं किती, घो काय करता, एवढं विचारलं आणि उत्तर नीट ऐकून घेतलं.

तेवढ्यात गर्दीतून धाकू तांडेल आला. तोही म्हातारा झालेला, कमरेत वाकलेला. मास्तरांवर ओरडला, “खंय गेललास? मी थंय सोदून सोदून मरतंय!” आणि मला काही कळायच्या आत त्याने मास्तरांचं मनगट पकडलं, लहान मुलाचं पकडावं तसं. मास्तरांनी उरलेलं खाजं घाईने कोटाच्या खिशात कोंबलं. दोघे चालू लागले. समोरून एक मोठा घोळका आला, ढोल वाजत होते. मास्तर थबकले. धाकू पुढे झाला, खांदा आडवा करून त्याने वाट काढली आणि मागे वळून म्हणाला, “येवा, माझ्या पाठसून येवा.”

धाकूच्या लाल मुंडाशामागोमाग मास्तरांची काळी टोपी गेली. थोडा वेळ दिसली, मग गुलालात नाहीशी झाली.